तळघरातल्या बाटल्या आणि नेपाळची रक्सी
सदर : पायाला भिंगरी



या सदरात आजवर देवळं झाली, डोंगर झाले, समुद्रकिनारे झाले. आज जरा चोरट्या विषयाला हात घालतो आहे. ज्यांच्या घरी हा अंक आई-वडिलांना किंवा सासू-सासऱ्यांना मोठ्याने वाचून दाखवायची पद्धत आहे, त्यांनी पुढची पानं आधी मनातल्या मनात वाचावीत, मग काय ते ठरवावं.

आमच्या लिव्हिंग रूमच्या कोपऱ्यात एक काचेचं कपाट आहे. त्यात सात-आठ बाटल्या असतात. शनिवारी चार मित्र जमले, गप्पा रंगल्या, की त्यातली एखादी उघडते. त्यापलीकडे आमची मजल नाही. पण भारतातून आई येणार असं ठरलं, की सौ. त्या बाटल्या जुन्या वर्तमानपत्रांत गुंडाळते, खोक्यात भरते आणि खोकं तळघरात वॉटर हीटरच्या मागे जातं. कपाटात त्यांच्या जागी पितळी समया आणि मुलांच्या ट्रॉफ्या येतात. आई सहा महिने राहून परत गेली, की एअरपोर्टवरून आल्या आल्या समया खाली आणि बाटल्या वर! वीस-बावीस वर्षं हे स्थलांतर बिनबोभाट चालू आहे. आपल्यापैकी निम्म्या घरांत असंच एखादं तळघर असणार याबद्दल मला शंका नाही. उरलेल्या निम्म्यांत तळघर नसेल, तर गॅरेज असेल.

आईला दारूचा नुसता तिटकारा नाही, धास्ती आहे. आणि तिला कारण आहे. वडिलांचे धाकटे भाऊ, आमचे बापूकाका, हे दारूपायी गेले. मुंबई राज्यात १९४९ साली दारूबंदीचा कायदा आला, आणि कायद्याबरोबर हातभट्टीही आली. सायकलच्या नाहीतर मोटारच्या ट्यूबमधून ती चाळीचाळींत पोचायची. काका त्या भट्टीचे गिऱ्हाईक. आधी चोरून, मग उघड, मग नोकरी गेल्यावर दिवसाढवळ्या. आजोबांनी त्यांचं ताट वेगळं केलं, मग अंथरूण वेगळं केलं आणि शेवटी दारच बंद केलं. १९७१ साली ते गेले तेव्हा अडतीस वर्षांचे होते. त्यानंतर आमच्या घरात त्यांचं नाव कुणी घेतलं नाही. भिंतीवरच्या एकत्र फोटोतसुद्धा त्यांच्यापुढे कॅलेंडर टांगलेलं असायचं. मी आठ-नऊ वर्षांचा होईपर्यंत मला वाटायचं, फोटोच्या त्या भागाला वाळवी लागली आहे.

एवढी प्रस्तावना करायचं कारण म्हणजे २०२३ च्या दिवाळीत आम्ही आईला घेऊन नेपाळला गेलो. तिला पशुपतिनाथाचं दर्शन घ्यायचं होतं. माझा मात्र दुसरा एक मतलब होता. ऑफिसात माझ्या शेजारच्या क्युबिकलमध्ये बसणारा मित्र पाटणचा नेवार. पाटण म्हणजे ललितपूर, काठमांडूच्या अगदी शेजारचं जुनं शहर, आणि नेवार म्हणजे त्या खोऱ्याचे मूळचे रहिवासी. “आमच्या दिवाळीला घरी या,” असं तो दहा वर्षं म्हणत होता. आणि दर वेळी पुढे म्हणायचा, “तुमची ती बाटलीतली सोड, आमच्या आमाच्या हातची चाखून बघ.”

विमानतळावरच गंमत झाली. आईकडे भारतीय पासपोर्ट, तिला व्हिसा नको. ती ऐटीत बाहेर पडली. आम्ही निळे पासपोर्टवाले पंधरा दिवसांच्या व्हिसाचे तीस-तीस डॉलर मोजून रांगेत उभे. बाहेर आलो तर आई म्हणते, “हे बरं झालं. कुठेतरी तुमच्या पासपोर्टापेक्षा माझा पासपोर्ट मोठा निघाला!” घड्याळ मात्र भारतापेक्षा पंधराच मिनिटं पुढे. एवढंसं पुढे असण्याचा अभिमान बाळगणारा देश मला तरी दुसरा ठाऊक नाही.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी आई आणि सौ. हॉटेलवर विश्रांती घेत होत्या, तेव्हा मित्राने मला एका गल्लीतल्या छोट्याशा दुकानात नेलं. चार बाकं, एक चूल, आणि गल्ल्यावर एक लिंबू बाई. लिंबू म्हणजे आपलं सरबताचं नव्हे. ही पूर्व नेपाळच्या डोंगरातली एक जमात आहे. तिने पुढे आणून ठेवलं ते पितळी पट्ट्यांचं उभट लाकडी भांडं, त्यात काठोकाठ भरलेलं तपकिरी धान्य आणि त्यात खुपसलेली बांबूची नळी. शेजारी गरम पाण्याचा थर्मास. हा तोंग्बा. भांड्याचं नावही तोंग्बा आणि पेयाचंही.

मी म्हटलं, “हे कसलं धान्य?” मित्र म्हणाला, “कोदो.” मला आपली उपासाची कोद्री आठवली. चिमूटभर हातावर घेऊन बघतो तो काय, ही तर नाचणी! मंडळी, नेपाळीतला कोदो म्हणजे आपली नाचणी, नागली. ज्या नाचणीची भाकरी खाऊन अख्खं कोकण वाढलं, तीच नाचणी हिमालयात थंडीवर उतारा म्हणून बसली आहे.

यात कढत पाणी ओतायचं, पाच मिनिटं धीर धरायचा आणि नळीने ओढायचं. नळीचं खालचं टोक बंद असतं, बाजूला बारीक चिरा असतात. त्यामुळे रस वर येतो, दाणा खालीच राहतो. भांडं संपलं की पुन्हा पाणी. तीन-चार वेळा तेच धान्य रस देतं, दर वेळी थोडा फिका. चव? पहिला घोट घेतला आणि मी थबकलोच. कोमट, आंबटसर, किंचित कडवट, मागून गोडी. ही चव मला पाठ होती. उन्हाळ्यात रत्नागिरीला आजी नाचणीचं पीठ रात्री भिजवून सकाळी आंबील करायची, त्या आंबिलाचीच ही थोरली बहीण. फक्त हिने चार गावं जास्त पाहिली होती!

या पेयांमागची करामत आहे ती मर्चाची. मर्चा म्हणजे तांदळाच्या पिठाच्या चपट्या, पांढरट वड्या. पिठात आलं आणि रानातल्या काही वनस्पती कुटून घालतात, वड्या थापतात आणि त्यांच्यावर आधीच्या मर्चाची पूड भुरभुरवतात. मग नेच्याच्या पानांत दडपून ठेवतात आणि वाळवतात. आपण कालच्या दह्याचं विरजण आजच्या दुधाला लावतो, तसंच हे. कुणाचं विरजण चांगलं लागतं, हे जसं आपल्या आळीतल्या बायकांना ठाऊक असतं, तसं कुणाचा मर्चा चांगला, हे तिथल्या बायकांना ठाऊक असतं.

विरजणाची ही उपमा नुसती शोभेची नाही. द्राक्षात साखर आयतीच असते, म्हणून यीस्ट आलं की वाईन होते. धान्यात असतो स्टार्च, आणि यीस्टला एकट्याने तो पचत नाही. विलायती बिअरवाले त्यासाठी जवाला मोड आणतात. हिमालयातल्या बायकांनी दुसरी वाट काढली. मर्चात बुरशी असते, यीस्ट असतं आणि दह्यात असतात त्यांच्या जातकुळीतले जीवाणूही असतात. बुरशीने स्टार्चची साखर करायची, यीस्टने साखरेची दारू करायची आणि जीवाणूंनी आंबटपणा आणायचा. शिजवून निववलेल्या धान्यात मर्चा कालवून एक-दोन दिवस उबेत ठेवतात, मग भांड्यात दडपून तोंड बंद करतात. त्यापुढे आठ-दहा दिवसांपासून महिन्यापर्यंत, जशी थंडी आणि जसा धीर. हे झालं जाँड. पाणी घालून गाळलं की दुधाळ, आंबट-गोड छ्याङ. नेवार तांदळाची करतात, तिला ते थ्वँ म्हणतात. शेर्पांच्या घरी गेलात तर पेल्यातली छ्याङ कमी होऊच देत नाहीत, घोट घेतला की पुन्हा काठोकाठ. आपल्याकडे जावयाच्या पानात जशी वाढपीण आमरस ओतत सुटते, तसा प्रकार!

जाँड उकळून तिची वाफ धरली की रक्सी. आता आपल्या मनात ‘भट्टी’ या शब्दाभोवती पोलीस, धाड आणि नाल्याकाठचे पत्र्याचे डबे येतात. नेपाळीत भट्टी म्हणजे रस्त्याकाठची छोटी खाणावळ. दमलेल्या वाटसरूला डाळ-भात, रक्सी आणि रात्रीचं अंथरूण देणारी. अन्नपूर्णेच्या बाजूच्या जुन्या व्यापारी वाटेवर अशा भट्ट्या थकाली बायका चालवत आल्या. त्यांच्याकडची एक खासियत म्हणजे झ्वाइँखट्टे. तुपात तांदूळ परतायचे, लाल झाले की वरून रक्सी ओतायची. चर्र आवाज होतो, वाफेचा लोट उठतो, आणि ते गरमागरम प्यायला देतात. फोडणीची दारू ही कल्पना आपल्या सुगरणींना कशी सुचली नाही, कोण जाणे! त्याच वाटेवर मुस्तांगमध्ये मार्फा हे सफरचंदांचं गाव आहे. तिथल्या सफरचंदांची ब्रँडी नेपाळभर विकली जाते.

रक्सी काढताना मी पाहिली ती पाटणजवळच्या खोकना गावात, मित्राच्या मावशीच्या अंगणात. चुलीवर तांब्याचं मोठं भांडं, त्यात आंबवलेला भात. त्यावर बुडाला भोकं असलेलं मातीचं भांडं, त्याच्या आत मधोमध एक छोटं मडकं. सगळ्यांत वर थंड पाण्याने भरलेलं निमुळत्या बुडाचं तांब्याचं भांडं. सांधे मातीने लिंपलेले. खालून वाफ चढते, वरच्या गार बुडाला लागून तिचे थेंब होतात आणि ते आतल्या मडक्यात टपटपतात. वरचं पाणी तापलं की बदलायचं. किती वेळा पाणी बदललं, त्यावर मालाची प्रत ठरते. तीन पाण्यांची ती ‘तीनपाने’, कडक. पाणी बदलत जाल तसतशी फिकी. मावशीने थेंबभर जमिनीवर ओतली आणि काडी लावली. निळी ज्योत भुर्र झाली. “झाली,” ती म्हणाली. यापलीकडे मीटर नाही, लेबल नाही.

नेवारांची तांदळाची अशी ऊर्ध्वपातित दारू म्हणजे अयला. ती ओतायची रीत बघण्यासारखी. लांब चोचीच्या पितळी अन्तीतून, हातभर उंचीवरून, बारीक धार मातीच्या बशीएवढ्या वाटीत सोडतात. थेंब बाहेर नाही. आणि पिण्याआधी बोट बुडवून दोन-चार थेंब देवासाठी शिंपडायचे. जेवायच्या आधी आपण ताटाभोवती चित्राहुती घालायचो, ती आठवली. इंद्रजात्रेत तर काठमांडूच्या हनुमान ढोक्यापाशी श्वेत भैरवाचा भलामोठा मुखवटा उघडतात आणि त्याच्या तोंडातल्या नळीतून दारूची धार सुटते. तरणी पोरं एकमेकांच्या खांद्यावर चढून प्रसाद घेतात. त्या धारेतून एक लहान मासा सोडतात, तो ज्याच्या तोंडी लागला त्याचं वर्ष भाग्याचं!

बरोबर खायचं काय, हा आपल्या मंडळींचा खरा प्रश्न. नेवारांच्या पंगतीत दारू रिकाम्यापोटी येतच नाही, तिच्याबरोबर समयबजि असतं. बजि म्हणजे पोहे. कोरडे, कुरकुरीत, न भिजवलेले. त्याभोवती भाजलेले काळे सोयाबीन म्हणजे भटमास, आल्याचे काप, लसूण, मसाल्याचा बटाटा, उडदाचा नाहीतर मुगाचा जाड बारा, म्हणजे आपल्या धिरड्याचा धष्टपुष्ट भाऊ. शिवाय उकडून तळलेलं अंडं, सुकी मासळी आणि छोयला. छोयला म्हणजे आगीवर भाजून मोहरीचं तेल, तिखट आणि मेथीची फोडणी दिलेलं मांस, बहुधा रेड्याचं. ते मी खाल्लं का, असं आईने विचारलं नाही आणि मीही सांगितलं नाही. भटमास मात्र सगळ्यांनी करून बघा. भाजलेल्या सोयाबीनला कच्चा कांदा, आलं, हिरवी मिरची, कोथिंबीर, लिंबू आणि वरून मोहरीचं कच्चं तेल. याला साँधेको म्हणतात. पुढच्या पिकनिकला मी करून आणणार आहे, शेंगदाण्याचंही होतं.

इथपर्यंत सगळं गोड-गोड वाटतं ना? मलाही वाटलं होतं. पण नेपाळात दारू ही नुसती चवीची गोष्ट कधीच नव्हती. जंगबहादूर राणाने १८५४ साली मुलुकी ऐन नावाचा कायदा केला आणि सगळ्या देशाची उतरंड त्यात लिहून काढली. सगळ्यांत वर तागाधारी, म्हणजे जानवेवाले, त्यांना दारू वर्ज्य. त्यांच्याखाली मतवाली, म्हणजे दारू पिणारे. त्यातही दोन पायऱ्या : ज्यांना गुलाम करता येत नाही ते मगर, गुरुङ वगैरे, आणि ज्यांना गुलाम करता येतं ते तामाङ वगैरे. त्यांच्याही खाली अस्पृश्य ठरवलेले लोक. म्हणजे घरात आजीने केलेली छ्याङ कोण पितो, यावरून माणसाची किंमत कायद्याने ठरत होती. गुलामगिरी १९२० च्या दशकात बंद झाली, जातीवर आधारलेला कायदा १९६३ साली बदलला. पण ‘मतवाली’ या शब्दाचा ओरखडा अजून निघालेला नाही, असं मित्र म्हणाला. हे ऐकताना मला काकांचं वेगळं ताट आठवत होतं. आमच्याकडे एका माणसाला पंगतीतून उठवलं, त्यांनी पंगतीच वेगळ्या मांडल्या.

आणि दुसरी बाजूही आहे. रक्सी विकून मुलांच्या शाळेची फी भरणाऱ्या बाया जशा आहेत, तशा नवऱ्याच्या रक्सीपायी मार खाणाऱ्या बायाही आहेत. १९९६ ते २००६ या माओवादी युद्धाच्या काळात त्यांच्या महिला संघटनेने गावोगावी दारूबंदीची मोहीम चालवली, मडकी फोडली. आपल्या गडचिरोलीत १९९३ साली लोकांच्या रेट्याने दारूबंदी आली, तिच्यामागेही बायकाच होत्या. गाळणारी बाई आणि फोडणारी बाई, दोघींचंही म्हणणं खरं आहे. यातलं एक सोपं उत्तर मला कुणी विचारू नये.

आता मूळ गोष्टीवर येतो. १४ नोव्हेंबर, आपला दिवाळी पाडवा. नेवारांचं त्या दिवशी नेपाळ संवताचं ११४४ वं वर्ष सुरू झालं. त्या संध्याकाळी त्यांच्याकडे म्ह पूजा असते. ‘म्ह’ म्हणजे शरीर. आपल्याच देहाची, देहातल्या जिवाची पूजा. मित्राच्या घरी वरच्या मजल्यावर शेणाने सारवलेल्या जागेत ओळीने रांगोळीची मंडलं काढली होती, घरातल्या प्रत्येक माणसाचं एक. त्यावर तेल, तांदूळ, फुलं, अक्रोड, सुताची माळ, लांब वाती. मित्राच्या मुली आपल्या आजीला ‘अजि’ म्हणत होत्या. नेवारी भाषेत आजीला अजिच म्हणतात! हे ऐकून आमच्या आईचा अर्धा परकेपणा तिथेच गळून पडला.

आमचीही तीन मंडलं काढलेली. मी मोजली. माणसं अकरा, मंडलं मात्र त्याहून जास्त. काही यमाची आणि यमदूतांची, असं मित्राने सांगितलं. पण ओळीत, अजिच्या शेजारी, एक भरलेलं मंडल होतं, वातही पेटलेली, आणि मागे आसन रिकामं. आईने विचारलं, “हे कुणाचं?”

“मोठ्या मुलाचं,” अजि म्हणाली. मित्र मधे बसून नेपाळीचं हिंदी, हिंदीचं नेपाळी करत होता. “टेक्सासला असतो. सात वर्षं आला नाही. पण ओळीत त्याची जागा ठेवायची. तो नसला तरी मंडल असतं.”

आई गप्प झाली.

पूजा झाल्यावर सगँ द्यायची वेळ आली. सगँ म्हणजे शकुनाचा प्रसाद. अंडं, मासा, मांस, बारा आणि अयला. प्रवासाला निघताना, वाढदिवसाला, लग्नात, सगळीकडे हा देतात. अजि अन्ती घेऊन एकेकापुढे येत होती आणि माझ्या पोटात गोळा. मित्राला मी आधी सांगून ठेवलं होतं की आईला शाकाहारी पान वाढा आणि ‘ते’ तिच्यापुढे आणूच नका. पण उत्सवाच्या गडबडीत तो विसरला, की अजिला परत पाठवणं त्याला जमलं नाही, देव जाणे. अजि आईपुढे बसली. बारीक धार, मातीची वाटी.

आईने वास ओळखला. वाटीकडे बघत ती माझ्याशी नाही, अजिशी बोलली. शुद्ध मराठीत. “आमच्या घरातलं एक माणूस यानं गेलं हो.”

मित्राने ते सांगितलं. अजिने अन्ती खाली ठेवली. “आमचाही,” ती म्हणाली. “माझा भाऊ. सणाला एक वाटी पिऊन थांबणाऱ्यातला नव्हता तो.”

“मग तुम्ही घरातून काढली नाहीत ही?”

अजि थोडा वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, “भाऊ गेला. त्याला शोधायला मला कधी दुसऱ्याच्या दारी जावं लागलं नाही. जे केलं ते इथे, आमच्यासमोर केलं. मेला तोही इथे.” आणि मग हसून म्हणाली, “तुम्ही पिऊ नका. बोट लावलंत तरी देवाला पोचतं.”

आई बराच वेळ तशीच बसली. मग तिने करंगळीशेजारचं बोट वाटीत बुडवलं आणि थेंब शिंपडले. एक देवाकडे. दुसरा त्या रिकाम्या आसनापुढच्या मंडलाच्या कडेला. ओठ हलले, पण मी तिच्या अगदी शेजारी होतो म्हणून मला ऐकू आलं. “बापूभावजींना.”

बावन्न वर्षांनी ते नाव मी तिच्या तोंडून ऐकलं.

मग अजिने दुसरी वाटी आणली. त्यात धौ, म्हणजे दही. दह्याचाही सगँ असतो. तिने बोटाने आईच्या कपाळाला दही लावलं. आईने तळहात पुढे केला. “आमच्याकडे हातावर देतात,” ती म्हणाली. अजिने हातावर दिलं. लांबच्या प्रवासाला निघणाऱ्याच्या हातावर आपण दही देतो, ते आणि हे दही एकाच जातीचं होतं. त्या रात्री दोघी म्हाताऱ्या एकमेकींची भाषा न कळता दीड तास बोलत बसल्या होत्या. मी दोन वाट्या घेतल्या. आईसमोर. हात थोडा थरथरला, खोटं कशाला सांगू?

जाणाऱ्यांसाठी चार गोष्टी. एक, रक्सी-छ्याङ ओळखीच्या घरी किंवा ओळखीतून गेलेल्या भट्टीतच घ्या. उघड्यावर मिळणारी कुठली आणि कशाची, हे सांगता येत नाही. दोन, ट्रेकला उंचावर जाणार असाल तर शरीराला हवा मानवेपर्यंत दारूचं नाव काढू नका. उंचीचा त्रास आणि हँगओव्हर यांची लक्षणं सारखीच असतात, आणि त्यात माणूस फसतो. तीन, न पिणाऱ्याने संकोच करू नये; बोट बुडवून कपाळाला लावलं तरी मान राखला जातो. चार, तोंग्बा चवीला सौम्य वाटला तरी चौथ्या पाण्यानंतर उभं राहून बघा, मग बोला.

परत आल्यावर आई आमच्याकडे महिनाभर राहिली. पहिल्याच रविवारी सकाळी चहा घेता घेता म्हणाली, “ते वॉटर हीटरच्या मागचं खोकं वर आण. वर्तमानपत्रं ओली झाली असतील.”

सौ.च्या हातातला कप बशीत आपटला. मी म्हटलं, “आई, तुला कधीपासून माहीत आहे?”

“अरे, पहिल्या खेपेपासून. माझ्या समया तुम्ही वर्षभर काचेच्या कपाटात मांडता, तर त्यांच्यावर तळघराची धूळ कशी?” तिने चहा संपवला. “वर ठेव. डोळ्यांसमोर असलं की मोजता येतं. खाली असलं की कुणी मोजत नाही.”

बाटल्या आता कपाटात आहेत. मोजून सात. समया देवघरात गेल्या. आणि भारतात गेल्यावर आईने भिंतीवरच्या त्या जुन्या फोटोवरचं कॅलेंडर काढून दुसऱ्या खिळ्यावर लावलं, असं बहिणीने फोनवर सांगितलं. काका दिसायला अगदी माझ्यासारखे आहेत म्हणे.